दख्खनच्या सॉसेजची गोष्ट : राजाचा निखारा, गोव्याचे चोरीस आणि वऱ्हाडचे ऊन

१/
शहरी मेजवानीत जेवणाआधी फिरणाऱ्या ताटात अलीकडे एक पदार्थ हमखास दिसतो : गोड-तिखट सॉसमध्ये घोळवलेले, टूथपिकला टोचलेले सॉसेजचे छोटे तुकडे. करायला सोपा, खायला चटपटीत आणि सर्वांच्या समजुतीप्रमाणे पूर्णपणे पाश्चात्त्य. मात्र आतडी, मज्जा आणि मसाला एकत्र करून भाजण्याची कल्पना दख्खनला सुमारे नऊशे वर्षांपासून ठाऊक आहे. मग असा पदार्थ गोव्यात घरोघरी रुजला आणि बुलढाण्यात का रुजला नाही? याचे उत्तर मीठ, ऊन, पाऊस आणि जात या चार गोष्टींत दडले आहे. #धागा

२/
प्रथम शब्दाविषयी. 'सॉसेज' या शब्दाच्या मुळाशी 'खारवलेले' या अर्थाचे 'साल्सुस' हे लॅटिन विशेषण आहे. जनावर कापले की चांगले मांस लगेच वाटले जाते. मागे उरतात बारीक तुकडे, चरबी, रक्त आणि आतडी. यांतले काही वाया जाऊ नये आणि जमल्यास पुढचे काही महिने पुरावे, या दोन गरजांतून हा पदार्थ जगभर जन्माला आला. होमरच्या 'ओडिसी' या ग्रीक महाकाव्यातही बकऱ्याच्या जठरात चरबी व रक्त भरून ते विस्तवावर भाजल्याचा उल्लेख येतो.

३/
आता दख्खनकडे वळू. कल्याणी, म्हणजे आजच्या कर्नाटकातील बसवकल्याण, ही चालुक्यांची राजधानी. त्यांची सत्ता विदर्भापर्यंत पोहोचल्याचा पुरावा नागपूरच्या सीताबर्डी शिलालेखात मिळतो. तो शके १००८ मधील, म्हणजे सहाव्या विक्रमादित्याच्या कारकिर्दीतील आहे. याच विक्रमादित्याचा पुत्र तिसरा सोमेश्वर (कारकीर्द सुमारे ११२६ ते ११३८). त्याने 'मानसोल्लास' हा संस्कृत ग्रंथ ११२९ च्या सुमारास सिद्ध केला. पाच विंशती, प्रत्येकीत वीस अध्याय, असे एकूण शंभर अध्याय. 'अभिलषितार्थचिंतामणी' हे त्याचेच दुसरे नाव.

४/
मराठी अभ्यासकांना हा ग्रंथ एका वेगळ्या कारणाने प्रिय आहे. महाराष्ट्रातील स्त्रिया कांडण करताना ओवी गातात, अशी नोंद त्यात आहे. ओवीविषयीच्या अगदी जुन्या उल्लेखांत तिची गणना होते. परंतु त्याच ग्रंथातील 'अन्नभोग' हा भाग तुलनेने कमी वाचला जातो. राजाने काय खावे आणि ते कसे शिजवावे, याचे त्यात तपशीलवार वर्णन आहे.

५/
या वर्णनात डुकराचे केस गरम पाण्याने किंवा गवताच्या जाळाने कसे काढावेत, हे सांगितले आहे. यकृताचे तुकडे निखाऱ्यावर भाजण्याची कृती आहे. मासे, कासव, खेकडे, इतकेच काय, शेतातले उंदीरही आहेत. आणि त्याच मालिकेत धुऊन स्वच्छ केलेली आतडी मज्जेसह मसाल्याने सिद्ध करून निखाऱ्यावर भाजण्याची कृती येते. खाद्येतिहासाचे अभ्यासक तिची गणना सॉसेजच्या प्रकारात करतात. मसाल्यात मिरी, आले, सैंधव आणि पाण्यात कालवलेला हिंग. मिरची अर्थातच नाही, कारण ती अमेरिका खंडातून येथे पोहोचायला अजून चार शतके अवकाश होता.

६/
दोन बाबी ध्यानात घ्याव्यात. पहिली, हा पदार्थ टिकवण्यासाठी नव्हता. राजाच्या मुदपाकखान्यात ताज्या मांसाची वाण नव्हती, त्यामुळे तो केला की लगेच खाल्ला जाई. दुसरी, या लेखनात संकोचाचा लवलेशही नाही. आतडी, मज्जा, यकृत, डुक्कर या साऱ्यांना राजाच्या ताटात सन्मानाचे स्थान आहे, आणि ते लिहिणाऱ्याला त्याबद्दल कोणतेही स्पष्टीकरण द्यावेसे वाटत नाही.

७/
येथून चार शतके पुढे आणि पश्चिम किनाऱ्यावर येऊ. नोव्हेंबर १५१० मध्ये आफोन्सो द आल्बुकेर्कने गोवा जिंकून घेतले. पोर्तुगिजांबरोबर डुकराच्या मांसाचे 'शोरिसू' आणि 'लिंग्विसा' हे दोन सॉसेज आले. पोर्तुगालमध्ये हिवाळ्यात डुक्कर कापावे, मांस मीठ, लसूण आणि द्राक्षाच्या वाइनमध्ये मुरवावे, आतड्यात भरावे आणि थंड हवेत धुरावर टांगावे, अशी ही रीत. गोव्यात मात्र ना तशी थंडी होती, ना द्राक्षे.

८/
तेव्हा मूळ कृतीतील एकेक घटक बदलत गेला. वाइनच्या जागी माडाच्या सुरेपासून, म्हणजे माडीपासून आंबवलेले व्हिनेगर आले. अमेरिकेतून आलेली मिरची गोव्यात रुजली आणि तिने मसाल्याला लाल रंग दिला. मिरी, लवंग, दालचिनी, आले, हळद येथे होतीच. धुराचे बरेचसे काम कडक उन्हाने केले. मिठाची चिंता नव्हती, कारण किनाऱ्यालगत मिठागरे होती. अशा रीतीने 'शोरिसू'चे कोकणी 'चोरीस' झाले. नाव आणि सांगाडा पोर्तुगीज, चव मात्र पूर्णपणे इथल्या मातीची.

९/
चोरीस तयार करण्याची पद्धत अशी : चरबीसह डुकराच्या मांसाचे लहान तुकडे करून त्यांना मीठ चोळतात आणि वजनाखाली दाबून पाणी निथळू देतात. मग ते उन्हात सुकवतात. व्हिनेगरमध्ये वाटलेल्या मसाल्यात ते काही दिवस मुरतात. त्यानंतर स्वच्छ केलेल्या आतड्यात भरून ठरावीक अंतरावर दोऱ्याने बांधतात. जपमाळेतल्या मण्यांसारख्या या माळा उन्हात वाळतात आणि पुढे चुलीवर टांगल्या जातात. मीठ पाणी शोषून घेते, आम्लामुळे जंतूंची वाढ रोखली जाते, ऊन उरलेला ओलावा काढते आणि आवरण माश्या व धूळ दूर ठेवते. जीवशास्त्राची परिभाषा माहीत नसताना अनुभवाने साधलेली ही चौपदरी तटबंदी आहे.

१०/
तिची गरज का पडली, हे पावसाच्या आकड्यांवरून समजते. गोव्यात वर्षाला सुमारे ३००० मिलिमीटर पाऊस पडतो. त्या चार महिन्यांत मासेमारी थांबे, वाटा बंद होत, हवेतच इतका ओलावा असे की नुसते वाळवलेले मांस बुरशीने खराब झाले असते. म्हणून मे महिन्यात पावसाळ्याची बेगमी केली जाई. तिला 'पुरुमेंत' म्हणतात. हा शब्दही तरतूद या अर्थाच्या पोर्तुगीज शब्दावरून आला. त्या काळात भरणाऱ्या जत्रेला 'पुरुमेंताचे फेस्त' हेच नाव पडले. सुकी मासळी, आमसुले, मिरच्या यांच्या शेजारी चोरिसाच्या माळा तिथे विकायला असत.

११/
गोड-तिखट चवीचा सोपा पदार्थ हवा असेल, तर याच चोरिसापासून तो करता येतो. आठ-दहा मण्यांचे आवरण काढून मांस मोकळे करावे. दोन कांदे उभे चिरून त्यात घालावेत. बुडेल इतके पाणी ओतून झाकण ठेवावे व मंद आचेवर मांस पूर्ण शिजू द्यावे. तेल लागत नाही, चरबी आपोआप सुटते. मीठही लागत नाही, ते आधीच मुरलेले असते. पाणी आटत आले की चमचाभर गूळ घालावा, चव पाहून व्हिनेगरचे थोडे थेंब टाकावेत आणि पाक तुकड्यांना चिकटेपर्यंत परतावे. पावाच्या छोट्या तुकड्यांवर वाढावे. कांद्याचा व गुळाचा गोडवा, मांसाचा खारटपणा आणि सुरेच्या व्हिनेगरचा आंबटपणा एका घासात येतो.

१२/
तथापि चोरिसाचा इतिहास केवळ चवीचा नाही. १५६० ते १८१२ या काळात, मधला अल्प खंड वगळता, गोव्यात इन्क्विझिशन हे धर्मन्यायालय कार्यरत होते. अनंत काकबा प्रियोळकर यांनी त्याचा इतिहास सविस्तर लिहिला आहे. १७३६ च्या जाहीरनाम्यात नवख्रिस्तींना ज्या हिंदू रीती निषिद्ध ठरवल्या गेल्या, त्यांत मीठ न घालता भात शिजवणे हीसुद्धा एक होती. आयबेरियात तर डुकराचे मांस नाकारणाऱ्यावर संशय घेतला जाई. ताटात काय आहे यावरून माणसाची निष्ठा मोजली जात होती.

१३/
आता बुलढाण्याचा प्रश्न. येथील पाऊस गोव्याच्या एक तृतीयांशाहूनही कमी. उन्हाळा कोरडा आणि प्रखर. नावातच लवण असलेले लोणार याच जिल्ह्यात आहे. अबुल फजलच्या 'ऐन-ए-अकबरी'तही तेथील क्षारांची नोंद आहे, पण काच आणि साबण यांचा कच्चा माल म्हणून. मांस खारवण्यासाठी लागते ते समुद्री मीठ. ते वऱ्हाडात बंजाऱ्यांच्या बैलांच्या तांड्यांवरून यायचे. कापूस किनाऱ्याकडे जाई, परतताना मीठ येई. अर्थातच ते महाग पडे. माड नाही, म्हणून सुरेचे व्हिनेगर नाही. फुकट आणि मुबलक मिळणारी गोष्ट एकच, ती म्हणजे ऊन.

१४/
म्हणून वऱ्हाड आणि त्याला लागून असलेल्या मराठवाड्यात मांस टिकवण्याची रीत निराळी राहिली. मांसाच्या लांब पातळ पट्ट्या कापून दोरीवर वाळत घालायच्या. त्यांना 'चान्या' म्हणतात. आतडी व जठर यांची 'वजडी' आणि रक्ताची 'रक्ती' ताजीच शिजवून संपवायची. जेथे पट्टी उन्हात दोन-चार दिवसांत कडकडीत वाळते, तेथे ती मसाल्यात मुरवून आतड्यात भरण्याचे प्रयोजन उरत नाही. सॉसेज न रुजण्यामागे पाककौशल्याची उणीव नव्हती, हवामानाचा हिशेब होता.

१५/
परंतु येथे जात आडवी येते. चान्या ज्या वस्त्यांत वाळत, त्या प्रामुख्याने महार आणि मांग समाजांच्या होत्या. गावातले मेलेले जनावर ओढून नेणे हे महारांवर लादलेले काम होते आणि त्याचे मांस हा त्या कामाचा मोबदला मानला जाई. अन्नावर बसलेला कलंक पदार्थाचा नव्हता, या सक्तीचा होता. मार्च १९२७ मध्ये महाडच्या परिषदेत डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनी मृत मांस आणि उष्टे अन्न सोडण्याचे आवाहन केले, ते याच अपमानास्पद व्यवस्थेतून बाहेर पडण्यासाठी. अनेकांनी ते निर्धाराने पाळले. त्यानंतर या स्वयंपाकाविषयी बोलणेही मागे पडत गेले.

१६/
२०१५ मध्ये शाहू पाटोळे यांचे 'अन्न हे अपूर्णब्रह्म' प्रकाशित झाले. मराठवाड्यातील महार आणि मांग समाजांचा स्वयंपाक त्यांनी त्यात कृतींसह नोंदवला. शीर्षकातील एका अक्षराने त्यांनी विचारले, की ज्या अन्नाला पूर्णब्रह्म म्हटले गेले त्यात आमची चूल होती का? त्याच वर्षी महाराष्ट्रात बैल व वळूंच्या कत्तलीवरील बंदी लागू झाली आणि चान्यांसाठी लागणाऱ्या मांसाचा मोठा भाग कायद्याच्या कक्षेबाहेर गेला. एक पाकपरंपरा कागदावर आली ती नेमकी चुलीवरून उतरत असताना.

१७/
या तीन कथांतील सामग्री जवळपास सारखीच आहे : मांस, आतडी, चरबी, आणि ते वाया जाऊ नये म्हणून वापरलेली बुद्धी. कल्याणीत ते राजभोग ठरले. गोव्यात ते आधी धर्माची खूण, मग घराची बेगमी आणि आज पर्यटकांच्या आवडीचा चोरीस-पाव झाले. वऱ्हाड-मराठवाड्यात मात्र ते लपवून ठेवण्याची गोष्ट बनले. पदार्थाची प्रतिष्ठा कृतीवरून ठरली नाही. तो कोणाच्या ताटात आहे, यावरून ती ठरली.

१८/
'अन्नभोगा'चा विषय राजाचे ताट हा होता. त्यामुळे कांडण करणाऱ्या स्त्रियांची ओवी सोमेश्वराच्या ग्रंथात आली, पण कांडण आटोपल्यावर त्यांनी चुलीवर काय चढवले, ते त्यात आले नाही. ती नोंद मराठीत व्हायला जवळजवळ नऊशे वर्षे लागली.

(धागा समाप्त)