काळ फिरवणारे पुस्तक

मे महिन्याच्या सुट्टीत नातू आला होता. हातात गोष्टीचे जाडजूड पुस्तक. त्यात म्हणे एक जादूची पोथी असते आणि तिच्यात लिहावे तसा काळ पुढेमागे सरकतो. "आजोबा, असं पुस्तक खरंच असतं का?" मी म्हणालो, "असतं की! मी चौतीस वर्षं त्यात लिहीत होतो." त्याला चेष्टा वाटली. म्हणून आज हे लिहायला बसलो.

आमच्या हिंगोलीत काळ मोजायच्या तीन रीती एकाच वेळी नांदत होत्या. येथे हैदराबाद कंटिन्जंटची छावणी होती, तिथे इंग्रजी तारखा चालत. निजामाच्या कचेरीत फसली सन आणि आजूर, दै, बहमन असे फारसी महिने. हिजरी वर्ष चांद्र, ते दरवर्षी अकराएक दिवसांनी मागे सरकते. पिके काही चंद्र पाहून येत नाहीत, म्हणून शेतसाऱ्यासाठी हंगामाला बांधलेले हे फसली वर्ष. त्यात ५९० मिळवले की साधारण इसवी सन येतो. निजामाचे राज्य १७ सप्टेंबर १९४८ ला संपले, तेव्हा कचेरीच्या कागदावर फसली १३५७ चालू होते. आणि घरात मात्र शके! पंचांग तर महिनाच्या महिना वाढवते आणि क्षयतिथी म्हणून तिथीही गाळते. पण तो हिशेब आकाशाला धरून असतो.

आजोबांनी माझा जन्म पंचांगाच्या समासात टिपला होता : शके १८७२, मार्गशीर्ष शुद्ध षष्ठी. म्हणजे चंपाषष्ठी, १९५० च्या डिसेंबरचा मध्य. पुढे मला शाळेत घातले तेव्हा वडिलांनी पंचांग काही बरोबर नेले नाही. मास्तरांनी माझ्याकडे एकवार पाहिले आणि लिहिले, १ जून १९५०. शाळा जूनमध्ये उघडते, पोराचे वय भरलेले दिसले पाहिजे, मग ही तारीख सगळ्यात सोयीची. आमच्या पिढीतली निम्मी खेडी १ जूनला जन्मलेली आहेत! महिन्याच्या एक तारखेला जन्मलेला सरकारी नोकर आदल्या महिन्याच्या अखेरीस निवृत्त होतो, त्यामुळे ३१ मे आला की निरोपाच्या नारळांना तोटा नसे. मीही ३१ मे २००८ ला, सात महिने आधीच, घरी आलो. त्याचे फारसे दुःख नाही. पेन्शन मिळते. असो.

दुःख दुसरेच आहे. जनरल रजिस्टर हेच ते जादूचे पुस्तक, आणि पुढे लेखणी माझ्याच हाती आली. १९७८ च्या जूनमध्ये एक शेतमजूर मुलाला घेऊन आला. जन्म कधीचा विचारले तर म्हणाला, "गुरुजी, दुष्काळातला हाय. म्या खडी फोडाय जात होतो तवाचा." बाहेर पाऊस, समोर पालकांची रांग. मी १ जून १९७२ लिहून मोकळा झालो.

पंचवीसेक वर्षांनी तो मुलगा दारात उभा राहिला. एका भरतीत वयोमर्यादा चार महिन्यांनी हुकली होती. जन्मनोंदीचा कायदा १९६९ चा, पण त्याच्या गावच्या दफ्तरात त्याची नोंदच सापडली नाही. मग पुरावा काय, तर शाळेचा दाखला. म्हणजे माझे अक्षर.

त्या रात्री झोप येईना. मी इतिहास शिकवणारा माणूस. १ जून १९७२ ला दुष्काळी काम कुठून असणार? मृग लागायचा होता, लोक आभाळाकडे बघत होते. पाऊस गेला तो त्यानंतर. खडी फुटू लागली, सुकडी वाटली गेली, ते पुढचे महिने. म्हणजे मूल त्या हिवाळ्यातले किंवा १९७३ च्या उन्हाळ्यातले. बापाने मला बरोबर सांगितले होते. त्याचे सांगणे हाच पुरावा होता आणि तो मीच, पंचांग न उघडता, खोडून टाकला. आणखी दोन प्रश्न विचारायचे होते. थंडी होती का? होळी झाली होती का? पाच मिनिटांचे काम होते.

दुसऱ्या दिवशी त्याला हे सगळे सांगितले. शपथेवर लिहून द्यायचीही तयारी दाखवली. तो म्हणाला, "गुरुजी, त्यांना कागद लागतो." जेवून गेला. रागावला असता तर बरे झाले असते. आता तो काळीपिवळी चालवतो, मुलगी नर्सिंगला आहे.

नातवाने हे ऐकून विचारले, "मग आजोबा, तुमचा खरा वाढदिवस कधी?" चंपाषष्ठीला घरी वांग्याचे भरीत आणि रोडगे असतातच, तोच माझा वाढदिवस म्हणून मी गप्प जेवतो. १ जूनला मात्र सकाळी सातच्या आत एक फोन ठरलेला असतो. "गुरुजी, आज आपला दोघांचा वाढदिवस!"