छिन्नमनस्कता टिकून का राहिली?

नैसर्गिक निवडीचा धडा संपत आला की वर्गातून एक प्रश्न हमखास येतो : अपायकारक गुणधर्म पिढ्यान्‌पिढ्या मागे पडत असतील, तर आजार उरतातच कसे? मनाच्या आजारांच्या बाबतीत हा प्रश्न अधिकच टोचतो. छिन्नमनस्कता, म्हणजेच स्किझोफ्रेनिया, हा आजार घेऊ. भास होणे, संशयाने घेरले जाणे, विचारांची सुसंगती तुटणे ही त्याची लक्षणे. दर हजारी सुमारे सात माणसांना तो आयुष्यात कधीतरी गाठतो, बहुधा ऐन तारुण्यात. त्यात आनुवंशिकतेचा वाटा मोठा आहे आणि रुग्णांना मुले कमी होतात. मग निवडीच्या चाळणीतून तो गळून का गेला नाही? या कोड्याला वेळोवेळी दिली गेलेली उत्तरे आपण क्रमाने पाहू. त्यांतल्या एका उत्तराने लाखो आयुष्ये उद्ध्वस्त केली.

डार्विनचा ग्रंथ १८५९ साली प्रसिद्ध झाला. त्याच्या दोन वर्षे आधी मोरेल या फ्रेंच मनोविकारतज्ज्ञाने 'अधःपतना'ची कल्पना मांडली होती : घराण्याची प्रत पिढीगणिक ढासळते, वेड वाढत जाते आणि शेवटी वंश खुंटतो. पुढे तिला निवडीच्या भाषेची जोड मिळाली. निसर्ग दुर्बळांना बाजूला सारतो, पण दवाखाने आणि दानधर्म त्यांना जगवतात. तेव्हा निसर्गाचे राहिलेले काम समाजाने पुरे करावे, असे सुप्रजननवादी सांगू लागले.

जर्मनीत एर्न्स्ट र्‍यूडिन यांनी १९१६ मध्ये रुग्णांच्या भावंडांचा अभ्यास प्रसिद्ध केला. त्यातले आकडे मेंडेलच्या साध्या प्रमाणांत बसत नव्हते. तरीही १९३३ मध्ये सक्तीच्या नसबंदीचा कायदा झाला, आणि त्यावर भाष्य लिहिणाऱ्यांत र्‍यूडिन होते. या कायद्याखाली सुमारे चार लाख माणसांची नसबंदी झाली. जानेवारी १९४० ते ऑगस्ट १९४१ या काळात सत्तर हजारांहून अधिक मनोरुग्ण व अपंग विषारी वायूने मारले गेले. त्यानंतरही हत्या थांबल्या नाहीत.

याचा परिणाम काय झाला? टोरी आणि योल्कन यांनी २०१० मध्ये जुनी आकडेवारी तपासली. त्यांच्या अंदाजाप्रमाणे छिन्नमनस्कतेच्या दोन लाख वीस हजार ते सुमारे दोन लाख सत्तर हजार रुग्णांची नसबंदी किंवा हत्या झाली होती. देशातल्या अशा रुग्णांपैकी हे किमान त्र्याहत्तर टक्के होते. युद्धानंतर जुने रुग्ण कमी दिसले, ते साहजिकच होते. पण नव्याने आजारी पडणाऱ्यांचे प्रमाण घटलेले दिसले नाही. उलट ते अनपेक्षितपणे जास्त आढळले. बहुतेक रुग्णांचे आईवडील स्वतः या आजाराचे रुग्ण नसतात, ही गोष्ट 'वंश शुद्ध' करू पाहणाऱ्यांच्या हिशेबात बसलीच नव्हती.

दुसरे उत्तर मलेरियाच्या अभ्यासातून सुचले. गडचिरोली-नंदुरबारकडच्या शिक्षकांना सिकलसेल आजार परिचित आहे. त्याचे जनुक आई व वडील दोघांकडून आले तर आजार होतो, पण एकाकडूनच आले तर मलेरियापासून काही संरक्षण मिळते. हे ॲलिसन यांनी १९५४ मध्ये दाखवले. आजाराचे जनुक टिकते, कारण ते वाहकाला उपयोगी पडते. मग छिन्नमनस्कतेचेही असेच असेल काय? ज्युलियन हक्स्ली, अर्न्स्ट मायर, हम्फ्री ऑस्मंड आणि एब्रम हॉफर यांनी १९६४ मध्ये 'नेचर'मध्ये तसेच सुचवले. हा आजार एका जनुकामुळे होतो आणि ते जनुक धारकाला जखमांचा धक्का, ॲलर्जी, बहुधा संसर्गही सोसण्याचे बळ देते, असा त्यांचा तर्क होता. पुढे इतरांनी त्याच जागी प्रतिभेचा लाभ मांडला.

या उत्तराने रुग्णाला 'निसर्गाचा टाकाऊ माल' म्हणणे थांबवले, हे त्याचे मोल. पण ते खरे ठरले का? लाभ असेल तर रुग्णांच्या भावंडांना मुले लक्षणीय प्रमाणात जास्त व्हायला हवीत. स्वीडनमधल्या तेवीस लाख लोकांच्या नोंदी तपासून २०१३ मध्ये हे पाहण्यात आले. छिन्नमनस्कता असलेल्या पुरुषांना इतरांच्या जेमतेम पाव पट मुले होती. त्यांच्या बहिणींना किंचित अधिक होती, पण एवढी तूट भरून निघावी इतकी नाहीत. ते एक जनुकही सापडले नाही. २०२२ मधल्या मोठ्या अभ्यासात जनुकसंचातली २८७ ठिकाणे या आजाराशी जोडलेली आढळली, आणि त्यांतल्या बहुतेकांचा परिणाम अगदी बारीक आहे.

यातून सध्या अधिक पटणारे उत्तर मिळते. मेंदूच्या जडणघडणीत हजारो जनुके गुंतलेली असतात. प्रत्येक पिढीत थोडी नवी उत्परिवर्तने होतात. निवड ती काढत राहते, पण जिचा परिणाम अगदी सूक्ष्म, ती चाळणीतून सहज निसटते. असे धोक्याचे फरक थोडेफार आपणा सर्वांतच आहेत. काहींच्या वाट्याला ते अधिक येतात, त्यात परिस्थितीचा ताण मिसळतो आणि आजार उद्भवतो.

मग उपयुक्ततेचा विचार अगदीच निरर्थक का? तसे नाही. भीती उपयोगाचीच आहे. रॅन्डॉल्फ नेसी तिची तुलना धुराची सूचना देणाऱ्या यंत्राशी करतात : ते फोडणीच्या धुरानेही वाजले तरी चालते, पण आगीच्या वेळी गप्प राहून चालत नाही. म्हणून काही चिंता वायाच जायची. मात्र भीती उपयोगी म्हणून भीतीचा विकारही उपयोगी, असे म्हणणे ही चूक आहे, असे नेसी स्वतःच बजावतात.

हा विषय शिकवताना आम्हाला एक गोष्ट महत्त्वाची वाटते. समोरच्या बाकांवर अशीही मुले असतात, ज्यांच्या घरी आई, काका किंवा मोठा भाऊ या आजाराशी झुंजतो आहे. 'वाईट रक्त' हे उत्तर त्यांना शरमेने मान खाली घालायला लावते, आणि 'प्रतिभेची किंमत' हे उत्तर खोटा दिलासा देते. आजचा पुरावा सांगतो की ज्या साहित्यातून तो भाऊ घडला, त्यातूनच आपण सारे घडलो आहोत. एवढे त्या मुलांना वर्गात ऐकायला मिळावे.