चित्रकथेतील दूरचे देश

परदेशच्या लोकजीवनाशी मुलांची पहिली ओळख पुष्कळदा भूगोलाच्या पाठातून होत नाही; ती साहसकथेतून होते. त्यामुळे त्या कथेतील चित्रण खरे की खोटे, हा प्रश्न केवळ करमणुकीपुरता उरत नाही. बेल्जियन चित्रकार जॉर्ज रेमी ऊर्फ एर्जे (१९०७–१९८३) यांची वाटचाल या दृष्टीने उद्‌बोधक आहे.

ब्रुसेल्समधील एका दैनिकाच्या बालपुरवणीत १९२९ पासून त्यांची ‘टिनटिन’ ही चित्रमाला प्रसिद्ध होऊ लागली. १९३०–३१ मध्ये हा तरुण वार्ताहर बेल्जियमच्या अमलाखालील काँगोत पोहोचला. रेमींनी तो देश पाहिला नव्हता. रूढ वसाहतवादी समजुतींच्या आधारे त्यांनी तेथील माणसे भोळसट आणि बालिश रंगविली. बेल्जियन मुलांनी तेच सत्य मानले.

१९३४ मध्ये टिनटिन चीनला जाणार असे जाहीर होताच लूव्हेन येथील चिनी विद्यार्थ्यांचा सांभाळ करणाऱ्या एका धर्मगुरूंनी रेमींना सावधगिरीचे पत्र लिहिले. त्यातूनच त्यांची झांग चोंगरेन या शांघायच्या तरुण शिल्पकाराशी गाठ पडली. दोघेही समवयस्क. झांगनी मित्राला चीनची कला, चालीरीती आणि वर्तमान राजकारण समजावून दिले. चित्रांतील चिनी पाट्या स्वतःच्या हाताने लिहिल्या. ‘ब्लू लोटस’ या कथेत १९३१ च्या मुकडेन प्रकरणाचे स्पष्ट प्रतिबिंब उमटले. कथेतला टिनटिन आणि चांग नावाचा मुलगा परस्परांच्या देशांविषयीचे गैरसमज आठवून खळखळून हसतात. तेवढ्या एका प्रसंगाने मुलांना जे उमगते, ते पानभर उपदेशाने उमगले नसते.

अर्थात ही कथाही निर्दोष नाही. चीनला न्याय देताना जपानी माणसे मात्र विद्रूपच राहिली. एक पूर्वग्रह गळून पडला, दुसरा कायम राहिला. तिथे रेमींजवळ झांगसारखा मित्र नव्हता.

पुढे या दोघांची अनेक दशके ताटातूट झाली. १९५८–५९ च्या तिबेटकथेत टिनटिन हिमालयात हरवलेल्या चांगचा शोध घेतो. प्रत्यक्षात हे मित्र १९८१ मध्ये पुन्हा भेटले.

ग्रंथालयाच्या बालविभागासाठी पुस्तके निवडणाऱ्यांनी या इतिहासातून एक कसोटी घ्यावी. ज्या लोकांची कथा सांगितली आहे, त्यांच्यापैकी कोणाचा तरी आवाज तीत ऐकू येतो का? येत असेल, तर ते पुस्तक बालवाचकाच्या हाती निःशंकपणे द्यावे. येत नसेल, तरी ते कपाटात दडवून ठेवण्याचे कारण नाही. पण वाचणाऱ्या मुलाशेजारी एखादे जाणते माणूस बसलेले असावे.