पाहिजे, नये आणि म्हणजे : मराठीतील आवश्यकतेच्या शब्दांचा इतिहास

१

दक्षिण दिल्लीतील लक्ष्मीबाई नगर ही केंद्र शासनाच्या कर्मचाऱ्यांची वसाहत झाशीच्या राणीचे नाव धारण करते. अभ्यागत प्राध्यापक म्हणून दिल्लीत वास्तव्य असताना या वसाहतीतील मराठी कुटुंबांकडे माझे जाणे-येणे असे. फाटकावर वाहने उभी न करण्याविषयीची हिंदी सूचना होती आणि तिचे मराठी रूप मनात आपोआप तयार होई : 'येथे वाहने उभी करू नयेत.' हिंदीतील 'न करें' हा सरळ निषेध आहे. मराठीतील 'करू नये' यात मात्र 'येणे' हे क्रियापद दडलेले आहे. निषेध करण्यासाठी मराठीला 'येणे' का लागावे, हा प्रश्न दिसतो तितका किरकोळ नाही.

तर्कशास्त्रात आवश्यकता, शक्यता आणि सत्यता या तीन कल्पनांचा परस्परसंबंध फार काटेकोरपणे मांडला जातो. जे असत्य असणे अशक्य ते आवश्यक. ज्याचा अभाव आवश्यक नाही ते शक्य. ॲरिस्टॉटलने या पदांच्या परस्परविरोधाची मांडणी केली. सी. आय. लुइस याने १९१८ मध्ये तिला आधुनिक चिन्हव्यवस्थेत आणले. सॉल क्रिप्के याने १९५९ ते १९६३ या काळातील लेखांतून 'शक्य जगां'च्या आधारे तिचा अर्थविचार सिद्ध केला. या व्यवस्थेत आवश्यकतेला एक चिन्ह पुरते. नैसर्गिक भाषेला ते पुरत नाही. मराठीने आवश्यकतेसाठी जे शब्द घडविले ते पाहणे, लागणे, येणे अशा अगदी साध्या क्रियापदांतून घडविले आणि प्रत्येकात ती आवश्यकता कोठून आली याची खूण शिल्लक ठेवली. ही खूण ओळखणे आणि ती पुसली गेल्यास काय गमावले जाते हे एका ऐतिहासिक प्रसंगाच्या आधारे पाहणे, हा प्रस्तुत निबंधाचा हेतू आहे.

२

प्रथम 'पाहिजे' हा शब्द घेऊ. आज तो केवळ 'आवश्यक आहे' एवढ्याच अर्थी वापरला जातो आणि त्याचा 'पाहणे' याच्याशी असलेला संबंध बोलणाऱ्याच्या ध्यानीही येत नाही. परंतु यादवकालीन मराठीत 'करिजे', 'बोलिजे', 'कीजे' अशी कर्मणी रूपे सर्रास आढळतात. संस्कृतातील कर्मणि 'य' प्राकृतात 'इज्ज' झाला आणि मराठीत 'इज' रूपाने उतरला. शालेय व्याकरणात ज्याला 'पुराण कर्मणी' म्हणतात तो हाच प्रयोग. 'पाहिजे' म्हणजे मुळात 'पाहिले जाते', ज्याची वाट पाहिली जाते, ज्याचा शोध घेतला जातो ते. हा प्रयोग पुढे भाषेतून लोपला, पण दोन शब्दांत तो अश्मीभूत होऊन राहिला. एक 'पाहिजे' आणि दुसरा 'म्हणजे', अर्थात 'म्हटले जाते'. ज्यूल ब्लॉक यांनी मराठीच्या घडणीवरील आपल्या फ्रेंच ग्रंथात या रूपांची ऐतिहासिक संगती लावली. वासुदेव गोपाळ परांजपे यांच्या १९४१ मधील अनुवादामुळे ती मराठी वाचकांपर्यंत पोचली.

या दोन शब्दांचे एकत्र टिकून राहणे अर्थपूर्ण आहे. 'म्हणजे' या शब्दाने आपण व्याख्या करतो, दोन पदांची एकरूपता सांगतो. 'पाहिजे' या शब्दाने कर्तव्य सांगतो. दोन्हींच्या मुळाशी कर्ता नसलेले क्रियापद आहे. कोण म्हणतो, कोण पाहतो, हे अनुक्त आहे. व्याख्येचे आणि कर्तव्याचे बळ या अनुक्तीतून येते. हिंदीतील 'चाहिए' याची घडणही अशीच आहे. तेथे 'चाहना' या क्रियापदाचे जुने कर्मणी रूप आवश्यकतेचा शब्द बनले. दोन शेजारी भाषांनी निरनिराळी क्रियापदे निवडली, पण रचना तीच ठेवली.

'नये' याचा इतिहास याहून बोधप्रद आहे. 'न' आणि 'ये' मिळून तो झाला. जुन्या मराठीत 'बोलों न ये' याचा अर्थ 'बोलता येत नाही', म्हणजे बोलणे शक्य नाही, असा होत असे. हीच रचना पुढे 'बोलणे योग्य नाही' या अर्थाकडे वळली. अशक्यतेचा शब्द निषेधाचा शब्द झाला. शक्यतेच्या अर्थी 'येणे' मात्र 'करता येते', 'करता येत नाही' या रूपांत राहिले. त्यामुळे आजच्या मराठीत 'सांगू नये' आणि 'सांगता येत नाही' ही वाक्ये एकाच धातूची असूनही एक नीतीच्या प्रांतात आहे व दुसरे सामर्थ्याच्या. 'करता कामा नये' हा प्रयोगही मुळात 'कामास येत नाही', निरुपयोगी आहे, एवढेच सांगणारा. आज तो मराठीतील सर्वांत कठोर निषेध आहे.

'लागणे' हे स्पर्शाचे क्रियापद. हात लागतो, ऊन लागते, भूक लागते; त्याच न्यायाने 'जावे लागते'. येथे आवश्यकता बाहेरून येऊन माणसाला स्पर्श करते. 'करावे' या विध्यर्थी रूपाचा उगम अभ्यासक संस्कृत 'तव्य' प्रत्ययात पाहतात. 'कर्तव्य' आणि 'करावे' यांचे नाते त्यामुळे थेट आहे. परंतु विध्यर्थ कर्तव्यापुरता राहिला नाही. मोरो केशव दामले यांच्या १९११ मधील 'शास्त्रीय मराठी व्याकरणा'पासून शालेय पुस्तकांपर्यंत विध्यर्थाच्या अर्थांची जी गणना होत आली तिच्यात इच्छा, योग्यता, शक्यता आणि तर्क यांचाही समावेश असतो. 'तो एव्हाना पोचला असावा' यात कर्तव्य नाही, अनुमान आहे. आणि येथे 'तर्क' या शब्दाकडेही पाहावे. 'तर्कशास्त्र' या सामासिक शब्दात तो निश्चितीचे साधन आहे; 'माझा आपला तर्क' असे म्हणताना तो निव्वळ अंदाज आहे.

३

या शब्दांचे परस्परांतील वेगळेपण विभक्तीतून स्पष्ट होते. 'तो जाऊ शकतो' यात कर्ता प्रथमेत आहे. सामर्थ्य त्याचे स्वतःचे आहे. 'त्याने जावे', 'त्याने गेले पाहिजे' यांत तृतीया आहे. कर्तव्याची जबाबदारी त्याच्यावर आहे. 'त्याला जावे लागते', 'त्याला जाता येते' यांत चतुर्थी आहे. परिस्थिती त्याच्यापर्यंत येऊन पोचली आहे. बोलीत 'त्याला गेले पाहिजे' असेही ऐकू येते व ही सीमारेषा काही ठिकाणी पुसट होते. पण तिचे अस्तित्व नाकारता येत नाही. अँगेलिका क्राट्झर यांनी १९७७ मध्ये इंग्रजी क्रियापदांच्या आधारे असे प्रतिपादन केले की 'आवश्यक' हा शब्द एकटा अपुरा असतो. कशाच्या दृष्टीने आवश्यक, हे संदर्भाने पुरवावे लागते. कायद्याच्या, हेतूच्या, ज्ञात माहितीच्या दृष्टीने एकच शब्द निरनिराळे वाक्यार्थ देतो. मराठीत या पुरवठ्याचा काही भाग विभक्तीच करते, ही तौलनिक अभ्यासकाने नोंदविण्यासारखी बाब आहे.

नकाराच्या बाबतीत तर हे भेद तर्कशास्त्राच्या मांडणीशी समांतर जातात. 'जावे लागत नाही' याने आवश्यकता नाकारली जाते. जाण्याला मोकळीक उरते. 'जाऊ नये' याने जाणेच नाकारले जाते. पहिल्यात नकार आवश्यकतेच्या बाहेर आहे, दुसऱ्यात आत. जुन्या मराठीतील 'नलगे' पहिल्या वर्गातला होता, हे त्या दृष्टीने लक्षणीय आहे.

हा प्रश्न मीमांसकांना अपरिचित नव्हता आणि त्यांच्यापैकी अनेक मूळचे महाराष्ट्रातले होते. पैठणहून काशीला गेलेल्या भट्ट घराण्यात कमलाकरभट्ट, नीलकंठभट्ट आणि १६७४ मध्ये शिवाजी महाराजांचा राज्याभिषेक करणारे गागाभट्ट झाले. सतराव्या शतकातील 'मीमांसान्यायप्रकाशा'चे कर्ते आपदेव यांचे घराणेही महाराष्ट्रीय. आपदेवांनी विध्यर्थी प्रत्ययाचा अर्थ 'शाब्दी भावना', म्हणजे पुरुषाला प्रवृत्त करणारा शब्दाचा व्यापार, असा मांडला आणि निषेधवाक्यातील नकार धातूशी जोडावा की प्रत्ययाशी, याचा सविस्तर विचार केला. धातूशी जोडल्यास 'ते न करणे करावे' असा अर्थ होतो. प्रत्ययाशी जोडल्यास प्रवर्तनेच्या जागी निवर्तना येते. जॉर्ज हेन्रिक फॉन राइट याने १९५१ मध्ये कर्तव्याचे तर्कशास्त्र म्हणून जी शाखा मांडली, तिच्यातील मध्यवर्ती प्रश्नांच्या फार जवळ हा विचार जातो.

४

शब्दांचा हा भेद व्याकरणापुरता राहत नाही याचे उदाहरण वसाहतीच्या नावातच आहे. झाशीचे गंगाधरराव नेवाळकर यांनी २० नोव्हेंबर १८५३ रोजी आनंदराव या बालकास दत्तक घेऊन त्याचे नाव दामोदरराव ठेवले. दुसऱ्या दिवशी त्यांचे निधन झाले. गव्हर्नर-जनरल डलहौसी याने दत्तविधान मुळातच झाले नाही असे म्हटले नाही. खासगी मालमत्तेपुरते ते मान्य, राज्याच्या वारशापुरते सार्वभौम सत्तेच्या अनुमतीवाचून अमान्य, असा त्याचा पवित्रा होता. सातारा १८४८ मध्ये याच तत्त्वाने खालसा झाले होते. १८५४ मध्ये झाशी व नागपूर ही राज्येही खालसा करण्यात आली.

हा युक्तिवाद भाषेच्या अंगाने पाहिला तर तो दोन 'दृष्टींचा' युक्तिवाद आहे. धर्मशास्त्राच्या दृष्टीने दत्तक घेता येतो व तो पुत्रच होतो. कंपनीच्या दृष्टीने अनुमती 'देता येते', पण 'दिली पाहिजे' असे नाही. वादाचे केंद्र या दोन शब्दांमधील अंतरात होते. राणीने फेब्रुवारी १८५४ मधील खलित्यात नेमका हाच मुद्दा शब्दार्थाच्या पातळीवर नेला. १८१७ च्या तहातील 'वारिसान' आणि 'जानशीनान' हे दोन फारसी शब्द वेगवेगळे आहेत, पहिला औरस वारसांना व दुसरा औरस नसल्यास दत्तकाने येणाऱ्या उत्तराधिकाऱ्यांना लागू आहे, असे तिचे प्रतिपादन होते. कंपनी ज्याला कृपा म्हणत होती ते तहाने आधीच बंधन झालेले आहे, असा त्याचा आशय. हा खलिता राजकीय इतिहासात परिचित आहे. अर्थविचाराच्या इतिहासातही त्याला स्थान असावयास हवे.

दत्तकाचा प्रश्न पुढेही 'नये' या एका शब्दाभोवती फिरत राहिला. एकुलता एक मुलगा दत्तक देऊ नये व घेऊ नये, असे वसिष्ठाचे वचन आहे. या 'नये'चा अर्थ कोणता? तसे करणे दोषास्पद, की तसे केले तरी ते झालेच नाही? मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने १८८९ मध्ये असे दत्तक अवैध ठरविले. १८९९ मध्ये प्रिव्ही कौन्सिलने बालुसु गुरुलिंगस्वामी प्रकरणात उलट निर्णय दिला : वचन धार्मिक उपदेशाच्या स्वरूपाचे आहे, झालेले दत्तविधान त्याने रद्द होत नाही. अशक्यतेपासून निषेधापर्यंत मराठीतील 'नये'ने जो प्रवास काही शतकांत केला, तो संस्कृत वचनाच्या बाबतीत न्यायालयांनी दहा वर्षांत केला, असे म्हणता येईल. १९५६ च्या हिंदू दत्तक व निर्वाह अधिनियमाने संदिग्धता ठेवली नाही. त्यातील तरतुदींविरुद्ध केलेले दत्तक शून्य ठरेल, असे स्पष्ट शब्दांत नमूद केले. विधायकांना 'नये' पुरेसे वाटले नाही, ही गोष्ट बोलकी आहे.

५

सत्यतेविषयी एक नोंद येथे करणे आवश्यक आहे. 'म्हणणे' या एकाच क्रियापदातून मराठीने तीन तार्किक साधने घडविली. 'म्हणजे' एकरूपता सांगते. 'म्हणून' हेतूपासून निष्कर्षाकडे नेते. 'म्हणे' विधानाची हमी बोलणाऱ्यावरून काढून घेते. 'तो आला म्हणे' असे सांगणारा त्याच्या येण्याला साक्षी राहत नाही. सत्य हे विधान आणि वस्तुस्थिती यांतील नाते असे तर्कशास्त्र मानते. मराठी त्या नात्यात सांगणाऱ्यालाही धरते, किंवा 'म्हणे' लावून त्याला मोकळे करते.

याच नियमाने राणीचे सुप्रसिद्ध उद्गार वाचता येतात. तिला १८५४ मध्ये भेटलेला वकील जॉन लँग याने आपल्या १८५९ मधील प्रवासग्रंथात ते हिंदुस्थानीत नोंदविले. मराठी पाठ्यपुस्तकांत ते 'देणार नाही' या रूपाने रुजले. 'देणार' हे मुळात कर्तृवाचक नाम, देणारा या अर्थी. 'देऊ शकत नाही' असे म्हटले असते तर ते असामर्थ्य झाले असते, 'देऊ नये' म्हटले असते तर नीतिवचन, 'देता येत नाही' म्हटले असते तर तहाचा दाखला. 'देणार नाही' या रूपाच्या मुळाशी 'मी देणारी नव्हे' ही ओळख आहे. खलित्यातील युक्तिवाद फेटाळला गेल्यानंतर हा चौथा पर्यायच तिच्याजवळ उरला होता.

आवश्यकतेचे हे चारही प्रकार परभाषेत एका क्रियापदाने अनुवादित केले जातात तेव्हा केवळ छटा नव्हे, अधिकाराचा उगमच हरवतो. दादोबा पांडुरंगांचे 'महाराष्ट्र भाषेचे व्याकरण' १८३६ मध्ये प्रसिद्ध झाले, तेव्हापासून मराठी व्याकरणाने क्रियापदाच्या 'अर्थां'ची चौकट मांडली व परिष्कृत केली. ती चौकट रूपांवर उभी आहे. विभक्ती, नकाराचे स्थान आणि मूळ धातू यांचा एकत्र विचार करून आवश्यकतेच्या शब्दांचा स्वतंत्र कोश सिद्ध करणे, आणि हिंदी, गुजराती, कन्नड या शेजारी भाषांशी त्याची तुलना करणे, हे पुढील काम आहे. मोल्सवर्थच्या कोशाची दुसरी आवृत्ती निघाली ते वर्ष १८५७. त्या कोशातील 'पाहिजे', 'लागणे' आणि 'येणे' या नोंदी झाशीच्या कागदपत्रांबरोबर ठेवून वाचल्या, तर या कामाला आरंभ करता येईल.