साहेबाचे ओटे

विजयदुर्गाच्या किल्ल्यात काही दगडी ओटे आहेत. त्यांना साहेबाचे ओटे म्हणतात. दाखवणारा माणूस सांगतो, लॉकियर नावाच्या इंग्रज साहेबानं १८६८ साली ह्या ओट्यांवर दुर्बीण मांडली, खग्रास ग्रहणात सूर्य पाहिला आणि हेलियम वायू शोधला. दर १८ ऑगस्टला किल्ल्यावर हेलियम दिन साजरा होतो. कोकणच्या माणसाची छाती फुगावी अशीच गोष्ट. पण खरा इतिहास हिच्याहून मोठा आहे, आणि तो आपल्या पोरांना कुणी सांगत नाही.

१८ ऑगस्ट १८६८ म्हणजे श्रावण अमावास्या, पिठोरी. भर पावसाळा. ग्रहणाची सावली पश्चिम किनाऱ्यावरून आत शिरली, घाट चढली आणि विजापूर करत पार मछलीपट्टणला गेली. तिच्या वाटेवर माणसं आधीच दबा धरून बसली होती. जमखिंडीला लेफ्टनंट हर्शेल, विजापुरात कॅप्टन हेग, गुंटूरला फ्रान्सहून आलेला जान्सेन, मछलीपट्टणला मद्रास वेधशाळेचा पॉगसन. जमखिंडीला ढगांनी छळलं. लॉकियर? तो त्या दिवशी इंग्लंडात होता.

ही मंडळी शोधत काय होती? चुलीत मीठ सांडलं की जाळ पिवळाधमक होतो, हे आपल्या बायकांना ठाऊक असतं. तसंच प्रत्येक पदार्थ तापला की आपापल्या रंगाचा उजेड देतो. तो उजेड काचेच्या लोलकातून पाहिला की त्याच्या ठरावीक रेघा उमटतात. चंद्रानं सूर्य पुरता झाकला की कडेला तांबड्या ज्वाळा दिसतात. त्या ज्वाळांच्या रेघा बघायच्या, म्हणजे सूर्यावर काय जळतंय ते कळेल, असा हिशेब.

रेघा दिसल्या. जान्सेनला तर दुसऱ्या दिवशी, ग्रहण नसतानाही, त्या धरता आल्या. तिकडं लॉकियरनं २० ऑक्टोबरला इंग्लंडातच तीच युक्ती साधली. दोघांची पत्रं पॅरिसच्या अकादमीत एकाच दिवशी पोचली. फ्रान्सच्या सरकारनं पुढं दोघांचे चेहरे असलेलं एकच पदक काढलं. त्या रेघांत एक पिवळी रेघ होती. मिठाच्या रेघेच्या अगदी शेजारी, पण मिठाची नव्हे. पृथ्वीवरच्या कुठल्याच पदार्थाशी ती जुळेना. मग तिच्या मालकाचं नाव पडलं हेलियम. ग्रीक भाषेत सूर्याला हेलिऑस म्हणतात, त्यावरून. अनेकांनी विश्वास ठेवला नाही. २७ वर्षांनी, १८९५ साली, रॅमसेला तोच वायू एका खनिजात सापडला, तेव्हा कुठं जगाला पटलं.

आज तो आमच्या महाडच्या एमआयडीसीत येतो. माझा पुतण्या एका कारखान्याच्या लॅबमध्ये आहे. तो सांगतो, "काका, नमुना तपासायच्या मशिनीला हेलियमचा सिलिंडर लागतो." सूर्यात आधी सापडलेला वायू आमच्या पोरांच्या रोजच्या कामातला झालाय.

आता लॉकियरचं. तो मूळचा युद्धखात्यातला कारकून. हौसेनं आकाश बघत बघत मोठा झाला. १८७१ च्या ग्रहणाला तो कासरगोडजवळच्या बेकल किल्ल्यावर आला, आणि विजयदुर्गाला आला तो २२ जानेवारी १८९८ ला. तेव्हा तो ६१ वर्षांचा, म्हणजे आज मी आहे साधारण त्याच वयाचा. मेल्पोमिनी नावाच्या लढाऊ जहाजाचे खलाशी त्याच्या हाताखाली होते. इंजिनाखाली फौंडेशन नसेल तर इंजिन नाचतं. दुर्बिणीचंही तसंच, तिला पक्की बैठक लागते. खग्रास जेमतेम दोन मिनिटं. त्यासाठी कोणी काय करायचं ह्याची तालीम आधी पुन्हा पुन्हा झाली होती. ह्या खेपेला आभाळ स्वच्छ होतं.

त्याच दुपारी सोलापूर जिल्ह्यात, करमाळ्याजवळच्या जेऊरला, आणखी एक दुर्बीण सूर्याकडं लागली होती. ती कावसजी दादाभाई नेगमवालांची. पुण्याच्या कॉलेजात प्राध्यापक, भावनगरच्या तख्तसिंहजी महाराजांच्या देणगीतून उभ्या राहिलेल्या वेधशाळेचे प्रमुख. शेजारीच अमेरिकेच्या लिक वेधशाळेचा तळ होता. नेगमवालांनी ग्रहणाच्या रेघांचे फोटो घेतले आणि पुस्तकभर अहवाल छापला. १९१२ साली पुण्याची वेधशाळा बंद झाली, मोठी दुर्बीण कोडाईकनालला गेली. त्यांचं नाव किती जणांना ठाऊक आहे?

मला हे टोचतं, त्याला कारण आहे. १६ फेब्रुवारी १९८० ला कारवार-अंकोल्याकडं खग्रास होतं. तिथपासून हैदराबादपर्यंत शास्त्रज्ञ दुर्बिणी लावून बसले होते. आमच्याकडं खंडग्रास. गावात दारं बंद. परातीत मुसळ उभं केलेलं. वहिनी पोटुशी होती, तिला माजघरात कोंडलेली. आई दारातनं बजावत होती, "हलू नको गो, विळीला हात लावू नको." ती पोर भरदुपारी अंधारात घामाघूम होऊन बसली होती. आईचा जीव तुटत होता, म्हणूनच ती बजावत होती. तिला दुसरं कुणी सांगितलंच नव्हतं. जेऊरचा माणूस तिच्यापर्यंत पोचलाच नाही.

म्हणून मला वाटतं, विजयदुर्गाच्या ओट्यांवर खरी गोष्ट सांगावी. एका साहेबानं एका दुपारी शोध लावला, असं ऐकून पोरं टाळ्या वाजवून घरी जातील. पण अनेकांनी, अनेक गावांत, ढगात हरून, तीस वर्षं पाठलाग केला, आणि त्यात आपला एक पुण्याचा माणूसही होता, हे कळलं तर एखादा पोरगा बाहेर येऊन वर बघेल. २ ऑगस्ट २०२७ ला आपल्याकडं संध्याकाळच्या सुमारास थोडं खंडग्रास आहे. तोवर लावणी उरकलेली असेल. ग्रहणाचा चष्मा लावल्याशिवाय बघायचं नाही, एवढंच. बाकी पावसाच्या हातात.