विडरशिन्समध्ये सूर्य कुठून आला?

इंग्रजी बोलणारी बहुतेक माणसे ‘विडरशिन्स’ हे क्रियाविशेषण आयुष्यात एकदाही न वापरता सुखाने जगतात. ज्यांना ते ठाऊक असते त्यांना ते परीकथांतून, चेटकिणींच्या गोष्टींतून किंवा स्कॉटलंडच्या बोलीतून भेटलेले असते. कोश उघडला तर अर्थ मिळतो तो असा : सूर्याच्या वाटेच्या उलट, म्हणजेच घड्याळाच्या काट्यांच्या उलट दिशेने. या अर्थाला अशुभाची एक छटाही चिकटलेली आहे. जोसेफ जेकब्ज याने 1890 साली छापलेल्या इंग्रजी परीकथांत एक मुलगी चेंडूमागे धावताना चर्चला उलटी फेरी घालते आणि तेवढ्यावरून यक्षलोकाच्या तावडीत सापडते. गोष्टीतला जादूगार कारण सांगताना सूर्याचे नाव घेतो. त्यामुळे शब्दाच्या शेपटीत सूर्यच दडलेला आहे, ‘शिन्स’ हे ‘सन’चे किंवा ‘शाइन’चे बिघडलेले रूप आहे, असे वाचणाऱ्याला सहज वाटते. माझे म्हणणे असे की या शब्दात जन्मतः सूर्य नव्हता, आणि गोल फिरणेसुद्धा नव्हते. या दोन्ही गोष्टी तो नांदत असलेल्या घरात त्याला मिळाल्या. त्याहून गमतीची गोष्ट म्हणजे ज्या शब्दाच्या जोडीला बसल्यामुळे त्याला सूर्य मिळाला, त्या शब्दातही सूर्य नाही.

शब्दाचे माहेर जर्मनीच्या उत्तर किनाऱ्याकडचे. मध्ययुगात तिथे जी निम्न जर्मन बोली चाले, तिच्यात ‘वेडरसिन्स’ असे रूप होते. ‘वेडर’ म्हणजे विरुद्ध. ‘सिन’ म्हणजे वाट, रोख, जायची दिशा. त्याचे षष्ठीचे रूप ‘सिन्स’, आणि जर्मन भाषांत षष्ठीचे रूप क्रियाविशेषणासारखे वापरायची जुनी सवय आहे. सगळे मिळून अर्थ एवढाच : उलट्या रोखाने. आजच्या जर्मनमधला ‘विडरझिन’ हा त्याचाच भाऊबंद, आणि त्याचा अर्थ आहे विसंगती, तर्कदुष्टता. तिथे त्याला सूर्याची झळ कधी लागलेली दिसत नाही. ‘वेडर’ मात्र इंग्रजीला परका नव्हता. ‘विदस्टँड’ या शब्दात आज जो ‘विद’ आहे तो ‘सह’ या अर्थाचा नसून ‘विरुद्ध’ या जुन्या अर्थाचा आहे, आणि तो याच गोतावळ्यातला. हा शब्द स्कॉटलंडला पोचला तो व्यापाराच्या वाटेने. स्कॉटिश लोकर आणि कातडी फ्लँडर्स व जर्मन बंदरांकडे जात, आणि परतीच्या जहाजांतून मालाबरोबर शब्दही येत. चहाबरोबर खाल्ला जाणारा ‘स्कोन’ हासुद्धा बहुधा त्याच किनाऱ्याकडून आलेला. योगायोग असा की स्कोन आणि विडरशिन्स हे दोन्ही शब्द कोशकारांना पहिल्यांदा सापडतात ते एकाच पुस्तकात.

ते पुस्तक म्हणजे गॅविन डग्लस याने 1513 साली पुरे केलेला व्हर्जिलच्या ‘ईनिड’ या महाकाव्याचा स्कॉट्स अनुवाद. त्यात नायक ईनियस एका क्षणी भीतीने थिजतो आणि त्याचे केस उभे राहतात. लॅटिनमध्ये केस नुसते उभे राहिले आहेत. डग्लसने ते ‘विडरसिन्स’ उभे केले. इथे कुणी कशाभोवती फिरत नाही, सूर्य आकाशात कुठे आहे याला काही महत्त्व नाही. केस ज्या बाजूला पडायचे त्याच्या उलट बाजूला ताठ झाले, एवढाच अर्थ. माहेरच्या अर्थाशी हा वापर तंतोतंत जुळतो. यावर एक आक्षेप रास्त आहे. सोळावे शतक संपायच्या आतच हा शब्द उलट्या फेरीसाठी वापरलेला सापडतो. इतक्या थोड्या अंतरावर सापडलेल्या दोन अर्थांपैकी एक आधीचा आणि दुसरा नंतरचा, हे कशावरून? कदाचित फेरीचा अर्थ लोकांच्या तोंडी आधीपासून असेल, फक्त कागदावर उशिरा आला असेल. नुसत्या तारखांवर विसंबले तर या आक्षेपाला उत्तर नाही, हे मान्यच केले पाहिजे. बोलीतले शब्द कागदावर यायला नेहमीच वेळ लावतात. पण साक्षीदार फक्त तारखा नाहीत. शब्दाची दोन पाने, ‘विरुद्ध’ आणि ‘वाट’, दोन्ही ओळखू येतात आणि त्यांतल्या एकातही सूर्य नाही. जर्मन नातलगांत सूर्याचा अर्थ नाही. उलट काही जुन्या स्कॉट्स लिखाणांत शब्दाचा शेवट ‘सोन्स’ असा केलेला दिसतो, आणि ‘सोन’ हे स्कॉट्समध्ये सूर्याचे एक लेखन. लिहिणाऱ्याला न कळलेल्या ‘सिन्स’मध्ये ओळखीचा शब्द ऐकू आला आणि त्याने तो लिहिला. सूर्य मुळातच असता तर तो सगळीकडे दिसला असता. इथे तो आत शिरताना पकडला जातो.

फेरीचा अर्थ ठळकपणे समोर येतो तो एका भीषण कागदपत्रात. 1590 साली स्कॉटलंडचा राजा सहावा जेम्स आपल्या डॅनिश राणीला घेऊन समुद्रमार्गे परतला. त्या प्रवासात आलेल्या वादळांचा ठपका चेटकिणींवर ठेवण्यात आला, आणि नॉर्थ बर्विक गावच्या चर्चजवळ भरलेल्या कथित मेळाव्यावरून खटले उभे राहिले. अॅग्नेस सॅम्प्सन या सुईणीवरच्या आरोपपत्रात असे लिहिले आहे की त्या रात्री पुरुषांना नऊ वेळा आणि बायकांना सहा वेळा विडरशिन्स फिरवण्यात आले. 1591 च्या जानेवारीत तिला मारण्यात आले. ही जबानी छळ करून मिळवलेली होती, त्यामुळे त्या रात्री नॉर्थ बर्विकला कुणी फिरले का, की कुणी जमलेच नव्हते, याबद्दल ती पुरावा म्हणून शून्य किमतीची. शब्दाच्या इतिहासासाठी मात्र ती मोलाची आहे. न्यायालयाच्या लेखनिकाला हा शब्द समजावून सांगावा लागलेला नाही. सैतानाच्या उपासनेत माणसे कोणत्या बाजूने फिरणार, हे चौकशी करणाऱ्यांनी जणू आधीच ठरवून ठेवले होते, आणि त्यासाठी हाताशी असलेला शब्द हा होता. फक्त तिथेही उल्लेख आहे तो फेरीचा. फेरी सूर्याच्या उलट होती, असे कागद म्हणत नाही.

सूर्य येतो तो डोंगराळ प्रदेशातून, गेलिक भाषेच्या शेजारातून. गेलिकमध्ये शुभ फेरीला ‘डेशल’ म्हणत. स्काय बेटावर जन्मलेला, गेलिक बोलणारा मार्टिन मार्टिन याने पश्चिमेकडच्या बेटांचे वर्णन 1703 साली छापले. लुईस बेटावर घर, धान्य आणि गुरे यांच्याभोवती माणूस उजव्या हातात विस्तव घेऊन फिरे, असे तो सांगतो. या विधीचे नावही उजव्या हातावरून पडले, कारण जुन्या भाषेत उजव्याला ‘देस’ म्हणतात, असेही तो स्पष्ट लिहितो. आजचे भाषाशास्त्र त्याच्याशी सहमत आहे : जुन्या आयरिशमध्ये ‘देस’ म्हणजे उजवा आणि ‘सेल’ म्हणजे वळण. याच ‘देस’चा दुसरा अर्थ दक्षिण. पूर्वेकडे तोंड करून उभे राहिले की उजवा हात दक्षिणेला येतो, म्हणून. मराठी वाचकाला इथे थबकायला हरकत नाही, कारण ‘दक्षिण’ या शब्दाची गोष्ट अक्षरशः हीच आहे. उजवा आणि दक्षिण हे त्याचे दोन्ही अर्थ, त्यावरून ‘प्रदक्षिणा’, आणि प्राकृतातून उतरलेले ‘दख्खन’. लॅटिनमधला ‘डेक्स्टर’, गेलिकमधला ‘देस’ आणि आपला ‘दक्षिण’ हे एकाच मूळ धातूचे वंशज आहेत. म्हणजे ‘डेशल’मध्येही सूर्य नाही, उजवा हात आहे, आणि प्रदक्षिणेतही तेच. गेलिकमध्ये उलट फेरीसाठी ‘तुअहल’ असा स्वतंत्र शब्द होता, त्याच्या मुळाशी उत्तर, म्हणजे डावी बाजू. इंग्रजीने डेशल उचलला, तुअहल उचलला नाही. त्याची जागा रिकामी राहिली आणि तिथे आयता तयार असलेला विडरशिन्स जाऊन बसला. एक जण केल्टिक, दुसरा जर्मन, आणि दोघांचा संसार इंग्रजीत. 1814 साली वॉल्टर स्कॉटने ‘वेव्हर्ली’ कादंबरीत जखमी नायकाभोवती वैदूकडून तीन डेशल फेऱ्या घालून घेतल्या. तेव्हा त्याने ही चाल पूर्वेकडून पश्चिमेकडे, सूर्याच्या गतीने, असे वाचकाला समजावले. एक जोडीदार सूर्याचा ठरल्यावर दुसरा आपोआपच सूर्याच्या विरोधी पक्षात गेला.

इथे सगळ्यात वजनदार आक्षेप येतो. उजवा हात आणि सूर्य असा भेद करण्यात अर्थ काय? उत्तर गोलार्धात सूर्य पूर्वेला उगवून दक्षिणेकडून पश्चिमेला जातो. मधल्या वस्तूला उजवीकडे ठेवून फिरणारा माणूसही त्याच दिशेने जातो. खुद्द मार्टिननेही फ्लॅनन बेटांवर उतरणारी माणसे सूर्याच्या दिशेने वळून देवाचे आभार मानत, असे लिहून ठेवले आहे. मग मूळ कल्पना सूर्याचीच, हात हे नुसते तिचे मोजमाप, असे का म्हणू नये? स्कॉटलंडपुरते पाहिले तर या प्रश्नाचा निकाल लागणार नाही, कारण तिथे दोन्ही वाटा वर्षभर एकच असतात. त्या वेगळ्या होतात ते ठिकाण शोधायला हवे, आणि त्यासाठी महाराष्ट्र सोयीचा आहे. मुंबई-पुण्यात मेच्या मध्यावर शून्य सावलीचा दिवस येतो, जुलैच्या अखेरीस पुन्हा येतो. या दोन दिवसांच्या मधल्या काळात दुपारी सूर्य आपल्या उत्तरेला असतो आणि काठीची सावली दक्षिणेला पडते. त्या आठवड्यांत सूर्य ईशान्येकडे उगवून उत्तरेच्या बाजूने वायव्येकडे मावळतो. प्रदक्षिणा सूर्याची नक्कल असती तर ऐन ज्येष्ठात भाविकांना उलट फिरावे लागले असते. तसे कुणी फिरत नाही आणि कुणाला तशी शंकाही येत नाही, कारण देव उजव्या हाताला ठेवायचा हा नियम आकाशाकडे न पाहता पाळता येतो. सूर्य खरोखरच मुळाशी असतो तिथे शब्द तसे सांगतो, हे रशियात दिसते. तिथे शुभ फेरीला ‘पोसोलोन’ म्हणतात आणि त्यात सूर्य उघड आहे. 1479 साली मॉस्कोच्या कॅथिड्रलच्या प्रतिष्ठापनेत मिरवणूक सूर्याच्या उलट गेली म्हणून तिसरा इव्हान धर्मप्रमुखावर नाराज झाला होता. पुढे सतराव्या शतकात धर्मप्रमुख निकॉनच्या सुधारणांनी मिरवणुकीची दिशाच उलटी केली, तेव्हा जुन्या पंथाच्या लोकांनी जी अनेक कारणे सांगून ती नाकारली त्यांतले हे एक. उलट फेरी अशुभच असते, हाही सार्वत्रिक नियम नव्हे. मक्केत काबा डाव्या हाताला ठेवून सात फेऱ्या घालतात. कैलासाला हिंदू आणि बौद्ध उजवी परिक्रमा करतात, बोन धर्माचे तिबेटी डावी करतात, आणि त्यांच्या लेखी तीच पवित्र.

शब्दाचे मूळ कळल्याने त्याचा आजचा अर्थ चुकीचा ठरतो, असा माझा दावा मुळीच नाही. तसे म्हणणे हा व्युत्पत्तीवेड्यांचा आवडता दोष. आपल्याकडे ‘सव्य’ या शब्दाचे उदाहरण आहेच. संस्कृतात त्याचा मुख्य अर्थ डावा, म्हणून डाव्या हातानेही बाण सोडणारा अर्जुन सव्यसाची. पण डाव्या खांद्यावरचे जानवे ही नेहमीची, सरळ स्थिती. ती सव्य झाली, आणि पितृकार्यात ते उजव्या खांद्यावर घेणे अपसव्य. सरळपणाशी जोडला गेल्यावर मराठीत सव्य म्हणजे उजवा होऊन बसला, आणि ‘सव्यापसव्य’ म्हणजे निष्कारण करावा लागणारा खटाटोप. कुणी मराठी माणसाला त्याचा सव्य चुकला म्हणून सांगायला जाणार नाही. विडरशिन्सच्या बाबतीतही ‘घड्याळाच्या उलट’ हाच आजचा बरोबर अर्थ, आणि केसांचा अर्थ मेला तो मेला. घड्याळाचा दाखला मात्र उशिराचा. काट्यांवरून दिशा सांगणारे इंग्रजी शब्द एकोणिसाव्या शतकात रुळले, आणि काटे त्या बाजूने फिरतात ते उत्तर गोलार्धातल्या छायाघड्याळाची सावली तशी फिरते म्हणून. त्यामुळे सूर्य आणि घड्याळ हे दोन अर्थ युरोपात एकजीव झाले आणि कोशांना त्यांची फारकत करायची गरज पडली नाही.

ती पडली ऑस्ट्रेलियात आणि न्यूझीलंडमध्ये. विसाव्या शतकात इंग्लंडमध्ये उभ्या राहिलेल्या विका पंथाने विडरशिन्स हा शब्द विधीत घेतला : शक्ती बांधायची तर डेशल फिरायचे, मोडायची, हटवायची तर विडरशिन्स. पंथ दक्षिण गोलार्धात गेला तेव्हा सूर्य उत्तरेकडून जाऊ लागला आणि सूर्याची दिशा हीच घड्याळाच्या उलट झाली. तिथले काही अनुयायी सूर्याला प्रमाण मानून फेऱ्या उलट्या करतात, काही पुस्तकातल्या दिशेला धरून राहतात. मार्टिनने वर्णन केलेला, लुईस बेटावरचा विस्तव धरणारा माणूस तिथे गेला असता तर त्याला यांतला कुठलाच पक्ष घ्यावा लागला नसता. त्याचा उजवा हात विषुववृत्त ओलांडल्यावरही उजवाच राहिला असता.