परिचर्या नोंदणीचे नूतनीकरण (सोलापूर)
महाराष्ट्रात परिचारिकांची नोंदणी 1966 च्या राज्य अधिनियमान्वये महाराष्ट्र परिचर्या परिषदेकडे होते. दर पाच वर्षांनी ती नव्याने करून घ्यावी लागते. त्यासाठी कार्यशाळांतून निरंतर शिक्षणाचे तास जमवावे लागतात. भारतीय परिचर्या परिषदेचा निकष पाच वर्षांत 150 तासांचा. सहायक परिचारिका प्रसाविका (एएनएम) याच चौकटीत येते. सोलापुरात शासकीय वैद्यकीय महाविद्यालय आहे, आणि त्याला जोडलेल्या सर्वोपचार रुग्णालयात, इतर कोणत्याही मोठ्या रुग्णालयाप्रमाणेच, रुग्णाला उठवणे, कूस बदलणे, अंग पुसणे ही कामे बरीचशी मावशी आणि वॉर्डबॉय करतात. त्यांना मात्र परिषदेची नोंदणी नाही, म्हणून नूतनीकरणही नाही. शय्याव्रण आणि संसर्ग टाळणे ज्यांच्या हातात, त्यांच्याच शिक्षणाची सक्ती नसावी, ही या व्यवस्थेतील सर्वांत गंभीर उणीव आहे.